एकसष्ट फळ्यांचा पूल

त्या घरात घड्याळ फार उशिरा आलं. पणजोबांना घड्याळ वाचता येत नव्हतं, आणि येत असतं तरी भट्टीच्या धुरानं त्याच्या काचेवर दोन दिवसांत काजळी धरली असती. म्हणून पाव भट्टीत गेला की ते एक गोष्ट सांगायला बसत. गोष्ट एकच. जुनं गाव सोडून, हातगाडीवर संसार लादून, ते आणि पणजी या शहरात कसे आले, त्याची. गोष्ट संपली की पाव झालेला असे. पावाला रोज तेवढाच वेळ लागे, म्हणून गोष्टही रोज तेवढीच.

यातून घराला एक नियम लागला. सांगणाऱ्याला मध्येच तोडायचं नाही. शिंक आली तर नाक दाबायचं, हसू आलं तर ओठ चावायचा, दारात गिऱ्हाईक आलं तर हातानंच थांब म्हणायचं. सांगणाऱ्यानंही घाई करायची नाही आणि रंगात येऊन फाटे फोडायचे नाहीत. नुसतं ‘मग पुढे?’ विचारलं तरी खालचा थर करपतो, असं पणजोबांचं म्हणणं. शिवाय गोष्टीत कामं ओवलेली होती. हातगाडीचं चाक निखळलं की पुढच्या खेपेचे गोळे वळायला घ्यायचे. कुत्रं मागे लागलं की पाव भाजायचे रिकामे पत्रे पुसायचे. शेवटी पणजोबा एका बंद घरापाशी पोचत, गंजलेल्या कुलपात किल्ली फिरवत, ‘आणि दार उघडलं’ असं म्हणत, आणि त्याच क्षणी भट्टीचं दार उघडलं जाई.

पणजोबांकडून गोष्ट आजोबांकडे आली, आजोबांकडून बाबांकडे. लाकडाची भट्टी जाऊन विजेची आली. तिला आकडे दाखवणारा डोळा होता आणि वेळ संपली की ती मेलेल्यालाही उठवील अशी घंटा वाजवायची. आता गोष्टीचं काही काम उरलं नव्हतं. तरी बाबा दुपारच्या खेपेला स्टूल ओढून बसत आणि सांगत. ऐकायला कुणी असो, नसो.

मोजपट्टी ही त्या घरातली चौथी पिढी. हे नाव तिला बाबांनीच ठेवलं, ती सहा वर्षांची असताना. तिनं फळीवरच्या सगळ्या पावांची उंची पट्टीनं मोजून त्यातले अकरा नापास केले होते. पुढे ती रसायनशास्त्र शिकली आणि पिठाच्या गिरणीच्या प्रयोगशाळेत लागली. दिवसभर पिठातला ओलावा मोजायचा, पीठ जाळून उरलेली राख तोलायची, आकडे लिहून खाली सही करायची. बाबा गिऱ्हाइकांना सांगत, पोरगी शिकून शिकून शेवटी पिठातच पडली. यात तक्रार कमी आणि मिरवणं जास्त होतं.

त्या महिन्यात तिनं रजा काढली होती ती आत्यासाठी. आत्या म्हणजे बाबांची मोठी बहीण. तिनं लग्न केलं नाही. पन्नास वर्षं भट्टीपाशी उभी राहून पीठ मळलं, चाळलं, झटकलं, आणि त्या पिठानं हळूहळू तिच्या छातीत घर केलं. आता ती वरच्या खोलीत खिडकीजवळच्या पलंगावर असायची. शेजारी प्राणवायूचं यंत्र घुरघुरत राही. डॉक्टरांनी बाबांना जिन्यात गाठून सांगितलं होतं, की महिन्यांचा हिशेब करू नका, आठवड्यांचा करा. दोन वाक्यं बोलली की आत्याला नळी नाकाशी नीट धरून पाच-सात श्वास घ्यावे लागत. जिना उतरून ती दोन वर्षांत खाली आली नव्हती.

आई दुकान बघायची, बाबा भट्टी, आणि मोजपट्टी वर-खाली करायची. रिकाम्या वेळात, आता बसलोच आहोत तर, म्हणून तिनं बाबांची गोष्ट मोजायला घेतली.

लहानपणापासून तिला या गोष्टीत दोन ठिकाणी अडकायला व्हायचं. पणजोबा-पणजी नदीच्या काठाशी येत आणि पुढच्याच वाक्यात पलीकडच्या चढावर हातगाडी ढकलत असत. मग नदी ओलांडली कशी? गोष्ट संपल्यावर तिनं एकदा विचारलं होतं. बाबा म्हणाले, ओलांडली. पोहून? पणजोबांना पोहता येत नव्हतं. मग? मग काय, ओलांडली म्हणजे ओलांडली, नाहीतर तू इथे प्रश्न विचारायला असतीस का?

दुसरी अडचण शेवटाची. किल्ली फिरवली, असं म्हणून बाबा गप्प होत. बराच वेळ गप्प. हात गुडघ्यावर, नजर भट्टीच्या दाराच्या जरा वर, भिंतीकडे. मग ‘आणि दार उघडलं’. लहान असताना तिची समजूत होती की कुलूप फारच गंजलेलं असणार.

आता तिनं आठ दिवस मोजलं. जुन्या गावापासून किल्लीपर्यंत गोष्ट व्हायला सोळा मिनिटं. कधी दहा सेकंद इकडे, कधी तिकडे. त्यानंतरची शांतता चार मिनिटांची, आणि तिच्यात पाच सेकंदांचाही फरक नाही. बोलण्यापेक्षा गप्प बसणं जास्त अचूक. हे तिला विचित्र वाटलं, पण त्याहून विचित्र भट्टीचा आकडा वाटला. भट्टीसोबत आलेल्या पुस्तिकेत या पावाला सोळा मिनिटं पुरे म्हटलं होतं. बाबांनी आच मुद्दाम उतरवून ठेवली होती, पाव वीस मिनिटांत व्हावा म्हणून.

तिनं एका दुपारी कागदावर मांडून दाखवलं. आच एवढी वाढवली तर दर खेपेला चार मिनिटं वाचतात, वीजही वाचते, पावाचा पापुद्रा पातळ येतो. बाबांनी कागद नीट वाचला, घडी घालून खिशात ठेवला आणि म्हणाले, “होत असेल सोळा मिनिटांत. आपला वीस मिनिटांचा आहे.”

आई दुकानातून म्हणाली की अख्ख्या दिवसात हा माणूस चार मिनिटं तेवढा गप्प असतो, तीही काढून घेऊ नकोस बाई.

मोजपट्टी हसली, पण तिच्या डोक्यात किडा शिरला तो शिरलाच. संध्याकाळी आत्याची उशी सारखी करताना तिनं सहज विचारलं, की जुन्या भट्टीच्या वेळीही गोष्ट संपल्यावर असंच गप्प बसायचे का.

आत्यानं नाकाची नळी हातानं बाजूला केली.

“अजून बसतो तो? गप्प?”

रोज, मोजपट्टी म्हणाली. चार मिनिटं.

 खिडकीबाहेर समोरच्या गच्चीवर कुणी तरी चादरी झटकत होतं, तिकडे आत्या बघत राहिली. मग तिनं सांगितलं की उद्या दुपारी भाऊ खाली गोष्ट सांगायला बसला की वर ये. दार लावून घे.

त्यानंतर चार दुपारी मोजपट्टी वर बसली. आत्या तुकड्या-तुकड्यानं बोलायची. दोन वाक्यं, मग श्वास, मग पुढचं. मोजपट्टीनं नियम पाळला. एकदाही मध्ये बोलली नाही.

पहिल्या दुपारी आत्यानं पूल सांगितला. नदीवर पूल होता. लाकडी, एकसष्ट फळ्यांचा. कुठली फळी कुजकी असेल सांगता येत नव्हतं म्हणून हातगाडी तूर्त काठावर ठेवून पणजोबा पुढे पाय टाकून बघत आणि मोठ्यानं आकडा म्हणत, आणि मागून पणजी त्याच फळीवर पाय देई. तिच्या पोटाशी आंबवलेल्या पिठाचं मडकं बांधलेलं. त्यावरच पुढच्या सगळ्या पावांची भिस्त. एकतिसाव्या फळीवर पणजी खाली बसली. म्हणाली, मला नाही जमत, मी इथेच राहते, तुम्ही जा. पणजोबांनी समजूत घातली नाही की रागावले नाहीत. मागे आले आणि तिच्या शेजारी त्याच फळीवर बसले. खाली पाणी. बराच वेळ दोघं तसेच. मग मडक्यातलं पीठ फुगून वर आलं आणि त्यानं वरचं फडकं ढकललं. पणजी म्हणाली, हे काही थांबत नाही, याला घर पाहिजे. आणि उठली. मग बत्तीस, तेहतीस, थेट एकसष्टपर्यंत.

हे सांगायला आत्याला तास लागला. धड श्वास असता तर चार मिनिटं लागली असती.

दुसऱ्या दुपारी तिनं साखळीचं सांगितलं. जुन्या भट्टीच्या धुराड्यात एक लोखंडी झडप होती. पाव आत गेला की ती मिटायची, म्हणजे आच आणि वाफ कोंडून राही. अर्ध्यावर ती उघडायची, म्हणजे वाफ निघून जाऊन वरून खरपूस होई. झडपेची साखळी भिंतीवरून खाली लोंबायची. एकतिसावी फळी आली, पणजी खाली बसली, की साखळी ओढायची. हे काम आत्याचं. दहा वर्षांची झाल्यापासून.

“मला आवडायचं,” ती म्हणाली. “वाटायचं, मी ओढते म्हणून तुझी पणजी उठते.”

 तिसऱ्या दुपारी ती म्हणाली की आम्ही तिघं भावंडं होतो.

मोजपट्टीला आयुष्यात पहिल्यांदा कळलं की बाबांना एक धाकटी बहीण होती. पाच वर्षांची. हिवाळा-उन्हाळा ऊब शोधत फिरायची, भट्टीच्या भिंतीला पाठ लावून झोपायची, म्हणून तिला मनी म्हणत. घरात तिचा एकही फोटो नव्हता. त्या दिवशी मनीला ताप होता. भट्टीच्या मागे पीठ फुगायला ठेवायची लहानशी खोली होती, ती सगळ्यात उबदार, म्हणून त्या मुलांच्या आईनं तिला तिथे निजवलं आणि वारा लागू नये म्हणून खिडकी घट्ट लावून घेतली. आणि त्याच दिवशी आजोबांनी गोष्ट पहिल्यांदा बाबांवर सोपवली. बाबा तेव्हा नऊ वर्षांचे. आजोबा स्वतः समोर बसून ऐकत होते. त्यांना घरात अण्णा म्हणत.

मुलानं छान सुरुवात केली. चाक निखळलं, कुत्रं मागे लागलं, नदी आली. आणि पुढच्याच वाक्यात पणजोबा पलीकडच्या चढावर.

आत्या तेरा वर्षांची होती, साखळीपाशी उभी. तिला कळलं की यानं पूल खाल्ला. अण्णांनाही कळलं, त्यांच्या भुवया वर गेल्या. पण मध्ये बोलायचं नाही. तिला वाटलं, आता मागे जाईल, आता पूल घेईल. ती हात वर करून वाट बघत राहिली. पूल आला नाही, म्हणून तिनं साखळी ओढली नाही.

चार मिनिटं आधीच दार उघडलं. पाव आतून कच्चा. मग एकच गडबड उडाली. अण्णांनी पत्रे परत आत सारले, आच कमी पडेल म्हणून आणखी निखारे ओढले, पोराला दोन शब्द सुनावले, त्याची आई वेगळी कावली. झडपेची आठवण कुणालाच झाली नाही. पाऊण तास. धूर डोळ्यांना झोंबतोय म्हणून अण्णांनी वर पाहिलं, तेव्हा साखळी जागच्या जागी.

“मनी झोपलेली दिसली,” आत्या म्हणाली. श्वास घेतला. पुन्हा घेतला. “गाल छान गुलाबी. आई म्हणाली, बघा, ताप उतरला वाटतं.”

डॉक्टरांनी तापच लिहिला. त्या वर्षी गल्लीत तापानं आणखी दोन मुलं गेली होती, त्यामुळे कुणी काही विचारलं नाही. आठवड्यानं भट्टी पुन्हा पेटली. अण्णा स्वतः गोष्ट सांगायला बसले. नदी आली, आणि पुढच्याच वाक्यात पणजोबा पलीकडच्या चढावर. पूल गेला. किल्ली फिरवून झाली, पण पाव व्हायला अजून चार मिनिटं हवी होती, म्हणून सगळे गप्प बसले. दुसऱ्या दिवशीही तसंच. झडपेचं पान अण्णांनी काढून टाकलं. त्यानंतर घरात कुणी पूल हा शब्द उच्चारला नाही, आणि मनी हाही.

चौथ्या दुपारी आत्याचे ओठ निळसर दिसत होते. मोजपट्टीनं यंत्राचा आकडा वाढवला. आत्यानं तिचं मनगट धरलं.

“तू शिकलेली आहेस. मला एवढंच सांग. ताप होता, की धूर?”

मोजपट्टीला उत्तर कालच कळलं होतं. गुलाबी गाल ऐकले तेव्हाच. कोंडलेल्या निखाऱ्यांतून एक वायू निघतो. त्याला रंग नाही, वास नाही. तो रक्ताला असा चिकटतो की प्राणवायूला जागाच उरत नाही, आणि रक्त मात्र लालभडक दिसत राहतं. माणूस झोपल्यासारखा जातो, गाल गुलाबी ठेवून. रात्री अंथरुणात तिनं नको नको म्हणत मनाशी गणितही केलं होतं. खोलीचा आकार, बंद खिडकी, पाऊण तास, पाच वर्षांचं पोर. प्रयोगशाळेतला कागद असता तर तिनं खाली सही केली असती.

आत्या तिच्याकडे बघत होती. एक्कावन्न वर्षं ती हा प्रश्न विचारायला कुणी तरी शिकलेलं घरात येण्याची वाट बघत होती, हे मोजपट्टीला त्या नजरेत दिसलं.

“ताप,” ती म्हणाली. “धूर असता तर गाल निळे पडले असते.”

“निळे नव्हते.”

“तेच तर. गुलाबी होते ना? म्हणजे ताप.”

तिला स्वतःचा आवाज ऐकू येत होता. शांत, मुद्देसूद, गिरणीत साहेबांना अहवाल समजावून सांगतात तसा. शास्त्र तिनं बरोब्बर उलटं करून सांगितलं होतं.

आत्यानं मनगट सोडलं. डोळे मिटले. डोळ्यांच्या कडेनं पाणी कानाकडे गेलं, ते तिनं पुसलं नाही. मग म्हणाली की म्हणजे अण्णांनी पूल उगाचच काढला. तो परत घाल. भावाला बाकी काही सांगू नकोस, त्याला यातलं काही ठाऊक नाही. तो कच्च्या पावासाठी बोलणी खाऊन रडत बसला होता. त्याला वाटेल आपल्यामुळे झालं. नुसता पूल घाल. तुझी पणजी केव्हाची त्या काठाला उभी आहे.

मोजपट्टी हो म्हणाली. खोटं बोलण्याचा हा एक तोटा तिच्या लक्षात आला नव्हता, की आता त्याच्यापुढची कामंही करावी लागणार.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती बाबांच्या शेजारी पिठाच्या पोत्यावर बसली. घड्याळ काढून ठेवलं होतं. चाक निखळलं, कुत्रं मागे लागलं, नदी आली आणि गेली. किल्ली फिरवली. बाबा गप्प झाले, नजर भिंतीकडे.  या घरात या चार मिनिटांत कुणी बोललेलं नव्हतं.

“नदीवर पूल होता,” ती म्हणाली.

बाबा हलले नाहीत. ती सांगत गेली. लाकडी होता, एकसष्ट फळ्यांचा, पणजोबा पुढे, पणजी मागे. एकतिसाव्या फळीवर पणजी बसली, पणजोबा मागे आले. मडक्यातलं पीठ वर आलं. पणजी उठली. मग बत्तीस.

“बत्तिसावी नव्हती,” बाबा म्हणाले. “तिथे नुसतं भोक होतं. पणजोबांनी तिचा हात धरून ते ओलांडायला लावलं. ताई विसरली वाटतं.”

 बाबांनी हातांना लागलेलं पीठ एप्रनला पुसलं, पुन्हा पुसलं.

“तुम्ही सगळे समजता मी इथे गप्प बसतो. मी फळ्या मोजतो.”

मग त्यांनी सांगितलं. नऊ वर्षांचं पोर बहिरं नसतं, आणि काल ज्या गोष्टीत पूल होता तिच्यात आज नाही, एवढं त्यालाही कळतं. त्यांनी पूल विसरून गाळला नव्हता. मुद्दाम गाळला होता. त्यांना लघवीला लागली होती. सकाळपासून पहिल्यांदा गोष्ट सांगायची म्हणून धास्तीनं पाणी पीत होते, आणि नदीपाशी आल्यावर आता एकसष्ट फळ्या निघणार नाहीत हे त्यांना कळून चुकलं. उठता येत नाही, कारण गोष्ट तोडायची नाही. म्हणून त्यांनी पूल सोडला. एवढंच कारण. पुढे आयुष्यभर त्यांनी दुसरं एखादं बरं कारण शोधलं, पण सापडलं नाही.

हे सांगताना त्यांना हसू आलं, आणि ते हसू तोंडावर तसंच राहिलं, काढता येईना.

“ताईनं गालांचं सांगितलं का?”

ती हो म्हणाली. बाबांनी मान हलवली. वीस वर्षांपूर्वी, ही भट्टी बसवली तेव्हा, अग्निशमन दलाचा एक माणूस सगळ्या भट्टीवाल्यांना समजावून द्यायला आला होता. बंद जागेत निखारे ठेवू नका, म्हणाला. माणूस झोपलेला दिसला आणि गाल गुलाबी दिसले तर बरा आहे समजू नका. बाबा तिसऱ्या रांगेत बसले होते. घरी येऊन त्यांनी कुणाला काही सांगितलं नाही. ताईला तर नाहीच. ती साखळीपाशी उभी होती, हे त्यांना माहीत होतं.

“तिनं तुला विचारलं असेल.”

“हो.”

“काय सांगितलंस?”

“ताप.”

बाबांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. पीठ केसांत गेलं. “बरं केलंस,” ते म्हणाले, आणि घंटा वाजली.

त्यांनी दार उघडलं नाही. दुकानात जाऊन आईला पाव काढून घे म्हणाले, आणि एप्रनसकट जिना चढू लागले. मोजपट्टी मागून गेली.

आत्या जागी होती, पण आदल्या दिवसापेक्षा आणखी लांब गेल्यासारखी. बाबा पलंगाशी बसले आणि गोष्ट सांगू लागले. मोजपट्टीला वाटलं होतं ते थेट पुलाशी जातील. पण त्यांना गोष्ट मधूनच धरता येत नव्हती, ती तशी शिकवलीच नव्हती. जुनं गाव, हातगाडी, भांड्यांची मोट. आत्या त्यांच्याकडे बघत होती. चाक निखळलं तेव्हा पांघरुणावरची तिची बोटं किंचित आवळली, गोळा वळायला घेतात तशी. कुत्रं मागे लागलं. तिचे डोळे मिटले. यंत्र घुरघुरत होतं, श्वास येत होता, मध्ये थांबत होता, पुन्हा येत होता.

नदी आली. बाबा क्षणभर थांबले. मोजपट्टीला वाटलं, आता आत्याला हलवून जागं करावं, पण नियम आडवा आला. मध्ये काही करायचं नाही. बाबांनी आवाज न चढवता पहिली फळी मोजली. मग दुसरी. एकही गाळली नाही. एकतिसाव्या फळीवर पणजी बसली, तेव्हा बाबांनी भिंतीकडे नाही, बहिणीकडे पाहिलं. तिचा चेहरा हलला नाही. हात पांघरुणावर तसाच होता. मडक्यातलं पीठ वर आलं, पणजी उठली, भोक ओलांडलं, एकसष्ट फळ्या झाल्या. चढ आला, शहर आलं, बंद घर आलं. किल्ली फिरवली आणि दार लगेच उघडलं. गप्प बसायला आता वेळच उरला नव्हता.

खालून भाजलेल्या पावाचा वास वर येत होता. बाबा मोजपट्टीला म्हणाले की नळी जरा नीट लाव, सरकली आहे.

आत्या त्यानंतर बोलली नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी, आई तिचे केस विंचरत असताना, गेली.

आठवड्यानं भट्टी पुन्हा लागली. बाबा पत्रे आत सारत होते आणि मोजपट्टी उद्यापासून कामावर जायचं म्हणून डबा शोधत होती. बाबांनी पाठ न वळवता विचारलं, “ऐकलं असेल का गं तिनं? पूल?”

मोजपट्टीनं विचार केला. त्या दुपारचे श्वास तिनं मोजले होते. सवयच ती. पुलाच्या आधी आणि पुलानंतर त्यांत काही फरक पडला नव्हता. झोप होती की झोपेच्या पलीकडचं काही, हे त्यावरून ठरवता येत नव्हतं. आणि आता या माणसाशी तिला खोटं बोलवेना.

“माहीत नाही, बाबा.”

त्यांनी शेवटचा पत्रा सारला, दार लावलं आणि स्टूल ओढलं. बसल्यावर म्हणाले, “पुढे कुणाला सांगशील तेव्हा मात्र, ऐकलं म्हणून सांग.”